मालिकांतील प्रेमकथा (बेळगाव सीमाभाग)

दैनंदिन मराठी मालिका उभी असते ती नायक-नायिकेच्या प्रेमावर. बेळगाव, खानापूर, निपाणी या कर्नाटकातील सीमाभागात ही प्रेमकथा मराठी आणि कन्नड अशा दोन्ही वाहिन्यांवर पाहिली जाते. पुष्कळदा एकाच घरात, आणि कधी कधी तर कथाही एकच असते.

अल्फा मराठी (आताची झी मराठी) १९९९ मध्ये सुरू झाली, पुढच्या वर्षी ई टीव्ही मराठी आणि २००८ मध्ये स्टार प्रवाह. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेनंतर इथला सरकारी कारभार कन्नडमध्ये गेला होता. केबलने मात्र रोज संध्याकाळी घरात मराठी आणली, आणि सीमाभागाच्या दृष्टीने ही गोष्ट किरकोळ नाही.

मालिकेतील प्रेम बहुधा लग्नानंतर सुरू होते. आधी तिटकारा, मग कुठल्या तरी अडचणीपायी उरकलेले लग्न, गैरसमज आणि शेवटी एका छपराखाली राहता राहता जुळलेली मने. ‘एका लग्नाची दुसरी गोष्ट’ (२०१२) मधील घना आणि राधा ठरवून, करार करून लग्न करतात, हे या वळणाचे ठळक उदाहरण. आजीपासून नातीपर्यंत सगळे एकत्र बसून पाहतात, म्हणून लग्नाआधीची जवळीक दाखवताना हात आखडतो. गळ्यात मंगळसूत्र पडले की लेखक मोकळा होतो. लग्न लावायलाही घाई नसते. हळद, मेंदी, उखाणे, रुसवेफुगवे यांवर कितीतरी भाग जातात आणि अक्षता पडतात त्या रविवारच्या महाएपिसोडला.

सुरुवातीच्या प्रेमकथा मुख्यतः मुंबई-पुण्याच्या मध्यमवर्गात घडत. ‘तुझ्यात जीव रंगला’ (२०१६) ने त्या कोल्हापूरच्या मातीत आणल्या. बोलायला बुजणारा पैलवान राणा आणि शिक्षिका अंजली यांची ही कथा. चित्रीकरण करवीर तालुक्यातील वसगडे गावचे. राणाचे ‘चालतंय की’ निपाणीकराला शिकावे लागले नाही. ‘लागिरं झालं जी’ (२०१७) मध्ये फौजेत भरती होऊ पाहणारा साताऱ्याकडचा तरुण नायक होता. मराठा लाइट इन्फंट्रीचे केंद्रच ज्या बेळगावात आहे, तिथे असा जावई ओळखीचाच.

दोन भाषांतील प्रेमकथा हा इथला सर्वांत लक्षणीय भाग. कन्नड चित्रसृष्टीचा डबिंगला अनेक दशके विरोध होता, त्यामुळे मराठी मालिका कन्नडमध्ये आल्या त्या नव्या कलावंतांसह, नव्याने रचून. राणा-अंजलीवरून ‘जोडी हक्की’ झाली. ‘तुला पाहते रे’ जुलै २०१९ मध्ये संपली आणि सप्टेंबरमध्ये तिच्यावर बेतलेली ‘जोते जोतेयली’ झी कन्नडवर सुरू झाली. दोन्हींत वयाने बराच मोठा उद्योगपती आणि साध्या घरातील मुलगी. मराठीत विक्रांत सरंजामे अखेर खलनायक ठरतो. ते पाहून बसलेल्या सीमाभागातील प्रेक्षकाने कन्नड नायकाच्या प्रत्येक गोड बोलण्याकडे संशयानेच पाहिले असणार. रहस्य आधीच फुटलेले असताना रमायचे ते अभिनयात, भाषेत, साड्यांत आणि लग्नविधीत: वधूवरांनी एकमेकांच्या डोक्यावर जिरे-गूळ ठेवण्याचा कर्नाटकी विधी मराठी मांडवात नसतो.

नातेसंबंधांचा एक फरक खोल आहे. कर्नाटकातील अनेक समाजांत मामा सख्ख्या भाचीशी लग्न करू शकतो. मराठी घरांत मामाची मुलगी करण्याची चाल आहे, बहिणीची मुलगी मात्र लेकीसारखी. कन्नड मालिकेत असा प्रसंग आला की मराठी प्रेक्षकाला तो खटकतो. शेजारच्या कन्नड घराला त्यात वावगे काही वाटत नाही.

इतके असूनही मराठी मुलगा आणि कन्नड मुलगी, किंवा उलट, ही जोडी मालिकेच्या केंद्रस्थानी क्वचितच येते. बेळगावच्या शहापूर, वडगाव, टिळकवाडीत दोन्ही भाषांची माणसे शेजारी राहतात, आणि तिथल्या प्रेमाला श्रीमंत-गरीब भेदाहून वेगळ्या अडचणी असतात. लग्नपत्रिका कोणत्या लिपीत छापायची, एक नोव्हेंबरला घरातले अर्धे राज्योत्सवाला (कर्नाटकाचा स्थापना दिन) आणि अर्धे सीमाभाग कर्नाटकात गेल्याच्या निषेधाच्या काळ्या दिनाच्या फेरीला निघाले तर सुनेने कोणाबरोबर जायचे, मूल मराठी शाळेत घालायचे की कन्नड. मालिकेचे लेखक अजून या उंबरठ्याशी आलेले नाहीत. त्यांनी यावे, कारण इथे खलनायिकेवाचूनही वर्षभराची कथा तयार आहे.