सागरी गुहांची होडीसफर (बेळगाव सीमाभाग)

सागरी गुहांची होडीसफर म्हणजे लाटांनी किनाऱ्याच्या कड्यात कोरलेल्या गुहा व घळी, तसेच पायवाट नसलेल्या पुळणी (वाळूचे किनारे) होडीतून पाहण्याची सहल. कर्नाटकातील बेळगाव आणि उत्तर कन्नड (कारवार) या सीमावर्ती जिल्ह्यांतल्या मराठी भाषकांची ही हिवाळ्यातली व उन्हाळी सुटीतली नेहमीची सहल आहे. कारवारला समुद्र दारात आहे. बेळगाव शहर मात्र समुद्रसपाटीपासून सुमारे ७५० मी. उंचीवर, सह्याद्रीच्या पाठीवर वसले आहे. त्यामुळे बेळगाव, खानापूर, निपाणीकडच्या माणसाची होडीसफर घाटातच सुरू होते. समुद्रावर जाण्याला तिकडे ‘कोकणात उतरणे’ म्हणतात ते शब्दशः खरे आहे. चोर्ला घाटाच्या वळणांवर गाडी लागणे आणि दुपारी मालवणात बोट लागणे, हे दोन्ही प्रकार एकाच दिवशी अनुभवणारे प्रवासी पुष्कळ.

घाट आणि बंदरे

बेळगावहून पणजी आणि वेंगुर्ले शंभर-सव्वाशे किलोमीटरवर, तर मालवण आणि कारवार दीडशेच्या आसपास आहेत. जांबोटी-कणकुंबी-चोर्ला ही गोव्याची जवळची वाट. रामनगरहून एक रस्ता अनमोड घाटाने गोव्यात, तर दुसरा जोयडा-अणशीमार्गे कारवारला जातो. आंबोली घाट सावंतवाडी-वेंगुर्ल्याला उतरतो. निपाणीकरांना आजऱ्यावरून आंबोली किंवा राधानगरीवरून फोंडाघाट सोयीचा. देवगड-निपाणी राज्यमार्ग याच फोंडाघाटातून गेला आहे.

यांपैकी आंबोलीच्या वाटेला इतिहास मोठा. एकोणिसाव्या शतकात वेंगुर्ले हे बेळगावच्या लष्करी छावणीला माल पुरवणारे बंदर होते आणि त्या रस्त्यावरचा मुक्काम म्हणून आंबोली वाढली. गोवा १९ डिसेंबर १९६१ रोजी मुक्त होईपर्यंत चोर्ला व अनमोडच्या पलीकडे परदेश होता. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत बेळगाव आणि कारवार हे दोन्ही जिल्हे मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेले. परिणामी सीमाभागातला माणूस एका रविवारच्या सहलीत दोन, कधी तीन राज्यांत फिरतो. बोलीने मात्र तो फारसा परका होत नाही. बेळगावी मराठीतले ‘जाऊन येऊ या की’ आणि तांडेलाची (होडी हाकणाऱ्याची) मालवणी किंवा कोकणी एकमेकांना सहज समजतात.

पाण्याचे नाते याहून जुने आहे. ज्या मांडवीवर पणजीच्या सफरीच्या बोटी फिरतात ती महादयी म्हणून खानापूर तालुक्यातल्या देगावजवळ, भीमगडच्या रानात उगम पावते. त्याच तालुक्यात कणकुंबीला उगवणारी मलप्रभा पूर्वेला कृष्णेकडे जाते. चोर्ल्याला निघालेल्या गाड्या कणकुंबीत पोचतात तेव्हा नदी उलट दिशेने चाललेली असते.

डोंगरातली गुहा आणि समुद्रातली गुहा

घाटमाथ्याच्या माणसाला गुहा नवी नाही. आंबोलीला हिरण्यकेशीचा उगम गुहेतच आहे. तिचे पाणी आजरा, गडहिंग्लज, संकेश्वर करीत घटप्रभेला मिळते. खानापूर तालुक्यात तळेवाडीजवळच्या बारापेडे गुहांत राटनचे वटवाघूळ (ओटोमॉप्स राटोनी) राहते. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात शास्त्रज्ञांना ते प्रथम सापडले ते इथेच, आणि पुढे कितीतरी वर्षे जगात त्याचे हे एकच ठिकाण ठाऊक होते.

डोंगरातली अशी गुहा बहुधा आतल्या पाण्याने, मुरत-झिरपत तयार होते. सागरी गुहेचे खोदकाम बाहेरून आत चालते. कड्याला उभी चीर असते, दोन खडकांचा सांधा असतो किंवा मऊ खडकाची पट्टी असते. लाट आदळली की तिथली हवा चिरेत कोंडून दाबली जाते आणि लाट मागे सरली की सुटते. हा दाब व ओढ रात्रंदिवस चालू राहून चीर फाकते. मग लाटेबरोबर येणारी वाळू आणि गोटे कानशीसारखे काम करतात. खारे पाणी खडकाच्या छिद्रांत सुकून मिठाचे स्फटिक वाढतात व कण सुटतात. गुहा कड्याच्या भुशिरातून आरपार गेली तर कमान होते. कमानीचे छत कोसळले की समुद्रात सुटा सुळका उरतो. गुहेच्या छताला वर भोक पडले तर भरतीला त्यातून पाणी कारंज्यासारखे उडते. छत नसलेली, आत शिरत गेलेली अरुंद फट म्हणजे घळ. गुहागर तालुक्यात हेदवीची बामणघळ हे तिचे महाराष्ट्रातले सर्वांत परिचित उदाहरण. भरतीला तिथे पाण्याचा स्तंभ उसळतो.

कोकणपट्टीत खडक बदलतो तशी गुहेची चण बदलते. रत्नागिरीकडे काळा बेसाल्ट आणि त्यावर जांभ्याचे टोपण दिसते. जांभा वरून टणक असला तरी त्याखालचा थर मातकट असतो. लाट तो पोखरते, वरचा जांभा छज्ज्यासारखा पुढे राहतो आणि एके दिवशी ढासळतो. म्हणून जांभ्यातल्या गुहा उथळ व अल्पायुषी असतात. त्यांच्या छताखाली सावली बरी दिसली म्हणून जेवायला बसू नये. दक्षिणेकडे सिंधुदुर्गात काही ठिकाणी कलादगी गटाचे क्वार्ट्झाइट (वाळूच्या दगडापासून झालेले कठीण खडक) उघडे पडले आहेत. बागलकोट जिल्ह्यातल्या कलादगीवरून नाव पडलेला हा खडकगट बेळगावकरांच्या ओळखीचा आहे, कारण गोकाकला घटप्रभा याच गटाच्या कड्यावरून सुमारे ५२ मी. खाली पडते. अशा कठीण खडकात लाटेला सांध्यासांध्यानेच शिरावे लागते, त्यामुळे फटी अरुंद आणि भिंती सरळ असतात. कारवारच्या किनाऱ्याला ग्रॅनाइट व नाइस (पट्टेदार कठीण खडक) आहेत. तिथे गुहा म्हणून दाखवले जाते ते पुष्कळदा मोठमोठ्या गोल शिळांमधली पोकळी असते.

बोलीत ‘सागरी गुहा’ असे कोणी म्हणत नाही. घळ, भुयार किंवा विवर म्हणतात. रत्नागिरीच्या रत्नदुर्गाखाली समुद्राकडे उघडणारी मोठी पोकळी अशीच भुयार म्हणून प्रसिद्ध आहे. कोकणातले प्रत्येक भुयार कुठल्यातरी किल्ल्यात निघते अशी सांगी असते. समुद्र चिरेच्या दिशेने खोदतो, किल्ल्याच्या दिशेने नाही; पण सांगी ऐकायला होडीत निवांत वेळ असतो.

ठिकाणे

गुहेच्या दृष्टीने या टापूतले सर्वांत मोलाचे स्थळ वेंगुर्ला रॉक्स. वेंगुर्ल्याच्या वायव्येला समुद्रात, निवतीच्या समोर, हा खडकाळ बेटांचा पुंजका आहे. जुन्या नकाशांत त्याचे नाव ‘जळकी बेटे’ या अर्थाचे असून त्यावर दीपगृह आहे. इथल्या गुहेत भारतीय पाकोळी (एरोड्रॅमस युनिकलर हा लहान पक्षी) मोठ्या संख्येने घरटी करते. ही घरटी ती लाळेने भिंतीला चिकटवते आणि चिनी सूपासाठी त्यांना परदेशात भाव मिळत असल्याने त्यांची चोरटी काढणी होत आली. काळोखात ती टिकटिक आवाज काढून त्याच्या प्रतिध्वनीवर वाट शोधते. बारापेडेचे वटवाघूळही प्रतिध्वनीवरच उडते. एक सस्तन, दुसरा पक्षी, आणि दोघांमध्ये सगळा सह्याद्री. विणीच्या काळात माणसे, दिवे आणि इंजिनाचा आवाज गुहेत नेणे हे पाकोळीवर संकट आहे. बेट होडीतून लांबून पाहणेच योग्य, आणि कोणी ‘आत नेऊन दाखवतो’ म्हणाला तर नको म्हणावे.

मालवणची नेहमीची सफर सिंधुदुर्ग किल्ल्याची. कुरटे बेटावर १६६४ मध्ये त्याचे बांधकाम सुरू झाले. भोवतीच्या समुद्राचा काही भाग १९८७ पासून सागरी अभयारण्य आहे. तारकर्ली-देवबागला कर्ली नदीच्या मुखाशी होडीतून पुळणी, वाळूचे बेट आणि सकाळी डॉल्फिन दाखवतात. निवती-भोगवे पट्ट्यात कड्यांखालून जाणारी होडी गुहा-घळी पाहायला अधिक उपयोगाची, पण तिकडे गर्दी कमी जाते.

गोव्यात सफरी भरपूर आणि गुहा थोड्या. शिकेरी-आग्वादकडच्या बोटी डॉल्फिन व किल्ला दाखवून परततात. दक्षिणेला पाळोळेहून बटरफ्लाय बीचला होडीने जातात. खडकांच्या कुशीतली ही लहान पुळण होडीसफरीला अगदी साजेशी आहे.

कारवारला काळी नदीच्या मुखाशी दुसरे देवबाग आहे. कर्लीच्या मुखाशी एक देवबाग आणि काळीच्या मुखाशी एक, अशी ही नावाची गंमत असल्याने फोनच्या नकाशात गाव निवडताना नदी पाहून घ्यावी. समोर कुर्मगड बेटावर नरसिंहाचे देऊळ असून पौष पौर्णिमेच्या जत्रेला भाविक होड्यांनी जातात. अंजदीव बेट नौदलाच्या ताब्यात आहे. ते दिसते, तिथे उतरता येत नाही. पुढे गोकर्णच्या ओम, हाफ मून व पॅरडाइज या पुळणींची होडीफेरी आणि मुरुडेश्वरसमोरचे नेत्राणी बेट. नेत्राणीला लोक पाण्याखालचे प्रवाळ पाहायला जातात.

भरतीचे गणित

गुहा दिसणार की नाही हे पैशावर ठरत नाही. पश्चिम किनाऱ्याच्या या भागात उधाणाच्या भरती-ओहोटीतला फरक दोन मीटरच्या आसपास असतो. मुंबईपेक्षा तो कमी असला तरी ठेंगण्या गुहेचे तोंड बुजायला पुरतो.

किनाऱ्यावरचा जुना आडाखा असा : तिथीची पाऊणपट करावी, म्हणजे पूर्ण भरतीची वेळ येते. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, एकादशीला सव्वाआठ, पौर्णिमेला व अमावास्येला सव्वाअकरा. दिवसा तसेच रात्री. दोन्ही पक्षांना हाच हिशेब चालतो आणि भरतीनंतर सुमारे सहा तासांनी ओहोटी येते. आडाख्याने वेळ कळते, पाण्याची उंची नाही. दिवसातल्या दोन भरत्या सारख्या नसतात. अष्टमीच्या सुमारास ‘भांग’ असतो, म्हणजे पाणी फार चढत नाही आणि फार उतरतही नाही.

आता बेळगावकराची सहल या हिशेबात बसवून पाहावी. पहाटे पाचला गाडी निघते, घाटात चहा होतो, किनाऱ्यावर पोहे होतात आणि होडीत पाय पडायला अकरा वाजतात. पौर्णिमा असेल तर तीच पूर्ण भरतीची वेळ. शिवाय सकाळचे मतलई वारे थांबून दुपारी खारे वारे सुटतात आणि समुद्र खवळायला लागतो. मग ‘दादा, जरा आत घ्या की’ अशी विनवणी सुरू होते आणि तांडेल मान हलवतो. गुहेच्या तोंडाशी लाट अरुंद जागेत कोंडून एकदम चढते. होडी तिच्याबरोबर वर जाते आणि वर छत असते. तांडेलाची मान हलली की वाद घालू नये.

गुहेसाठी चांगली वेळ तृतीया-चतुर्थीची सकाळ. भरती रात्री सव्वादोन-तीनला होऊन गेलेली असते, नऊच्या सुमारास पूर्ण ओहोटी असते, उधाण नुकतेच सरलेले असल्याने पाणी बरेच खाली जाते आणि वाराही अजून पडलेला असतो. म्हणजे संकष्टीची सकाळ उत्तम, फक्त त्या दिवशी उपास असणाऱ्यांना मालवणात मासळीच्या ताटासमोरून साबुदाण्याकडे जावे लागते. नऊ वाजता होडीत असायचे तर आदल्या रात्री किनाऱ्यावर मुक्काम हवा. एका दिवसात जाऊन-येऊन करण्याची सीमाभागातली सवय गुहांच्या बाबतीत नुकसानीची आहे. तशा सहलीत डॉल्फिन आणि किल्ला पाहून समाधान मानावे.

धोके आणि नियम

२१ जानेवारी २०१९ रोजी, पौष पौर्णिमेला, कुर्मगडच्या जत्रेहून परतणारी बोट कारवारजवळ उलटून १६ जणांचा मृत्यू झाला. बोटीत माणसे जास्त होती. मृतांत घाटमाथ्यावरच्या जिल्ह्यांतले यात्रेकरू होते. समुद्राची सवय नसलेली माणसे लाट आली की एका बाजूला सरकतात किंवा फोटोसाठी एकदम उभी राहतात, आणि लहान होडीला तेवढे पुरते. होडीची क्षमता विचारावी, मोजून बसावे, लाइफ जॅकेटचे पट्टे निघण्यापूर्वीच आवळावेत. जॅकेट मांडीखाली घेऊन बसणे ही आपल्याकडची खास रीत. ती सोडलेली बरी. गुहेत पोहत शिरू नये.

महाराष्ट्रात प्रवासी होड्यांवर सागरी मंडळाचे, गोव्यात बंदर कप्तान खात्याचे आणि कर्नाटकात तिथल्या बंदर यंत्रणेचे नियंत्रण असते. एका राज्यात चालते ते दुसऱ्यात चालेलच असे नाही. पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक मासेमारी १ जून ते ३१ जुलै बंद असते. मालवणची किल्ला-वाहतूक मेअखेरीपासून ऑगस्टअखेरीपर्यंत थांबते. नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ अर्पण झाल्यावर गाबीत, खारवी आणि इतर मच्छीमारांच्या होड्या पुन्हा पाण्यात जाऊ लागतात. प्रवाशांच्या होड्या त्यानंतर.

तोपर्यंत बेळगावची सहल अर्ध्या वाटेवर, आंबोलीच्या धबधब्याखाली, भिजून परत फिरते.