केन्झो मासाओका

मासाओका, केन्झो (५ ऑक्टोबर १८९८ – २३ नोव्हेंबर १९८८). जपानी नट, नेपथ्यकार आणि ॲनिमेशनकार. जन्म ओसाकाचा. जपानी ॲनिमेशनचे जनक म्हणून त्यांचे नाव घेतले जाते. सिनेमात ते आले मात्र सेट रंगवायला आणि तोंडाला रंग लावायला.

क्योतोत चित्रकला शिकून १९२५ मध्ये ते चित्रपट दिग्दर्शक-निर्माते शोझो माकिनो यांच्या तिथल्या स्टुडिओत लागले. नेपथ्य आणि अभिनय अशी दोन्ही कामे त्यांनी तिथे केली. १९२७ मध्ये ‘उमी नो क्यूदेन’ (समुद्रमहाल) हा मुलांचा चित्रपट दिग्दर्शित केला. १९३० च्या ‘सारुगाशिमा’त, म्हणजे माकडांच्या बेटावर वाहत आलेल्या बाळाच्या गोष्टीत, ते पहिल्यांदा ॲनिमेशनकडे वळले. १९३३ चा ‘चिकारा तो ओन्ना नो यो नो नाका’ (शक्ती आणि स्त्रियांचे जग) हा जपानचा पहिला बोलका ॲनिमेशनपट. त्याची प्रत आज उपलब्ध नाही. पारदर्शक सेल्युलॉइडवर चित्रे काढण्याची खर्चिक पद्धत जपानात रुजवणाऱ्यांतही ते आघाडीवर होते.

त्यांचे सर्वोत्तम काम म्हणजे ‘कुमो तो च्युरिप्पु’ (कोळी आणि ट्युलिप, १९४३). जेमतेम पाव तासाचा हा कृष्णधवल चित्रपट. डोक्यावर गवती हॅट घातलेला कोळी गाणी म्हणत लेडीबग किड्याच्या पोरीला आपल्या जाळ्याच्या झोपाळ्यावर बोलावतो. ट्युलिप तिला पोटात घेऊन पाकळ्या मिटते, तर हा पठ्ठ्या अख्खे फूलच धाग्यांनी करकचून बांधून टाकतो. मग वादळ येते. वाऱ्याने वाकणारी झाडे आणि वाहते पाणी पाहताना नेपथ्यकाराचा हात ओळखू येतो. कोळ्याचा लाडीगोडीचा आविर्भाव तर मुरलेल्या नटाचा. तोंड काळे रंगवून गाणाऱ्या गोऱ्या अमेरिकी नटांची छाप या कोळ्यावर आहे, ती आज खटकते. ऐन महायुद्धात निघालेल्या या चित्रपटात युद्धाचा मात्र शब्दही नाही.

चित्रे हलवण्याच्या या कलेला ‘दोगा’ हे नाव त्यांनीच दिले. ‘दो’ म्हणजे हालचाल, ‘गा’ म्हणजे चित्र. शब्दशः ‘चलचित्र’च, फक्त आपल्याकडे तो शब्द सगळ्या सिनेमाला चिकटला.

युद्धानंतर क्योतोच्या वसंतावर त्यांनी ‘साकुरा’ (चेरीचा बहर, १९४६) केला. फुलांच्या पाकळ्या, फुलपाखरांच्या पऱ्या, कथानक जवळपास नाहीच. धंदा होणार नाही म्हणून तो चित्रपटगृहांत लागलाच नाही. पुढे त्यांनी सहकाऱ्यांबरोबर ‘निहोन दोगा’ ही संस्था काढली, पण दृष्टी अधू होत गेल्याने ते त्यातून बाहेर पडले. १९५६ मध्ये याच संस्थेतून ‘तोएई दोगा’ ही ॲनिमेशन कंपनी उभी राहिली. ‘कुमो तो च्युरिप्पु’ पाहून भारावलेले आणि मासाओकांच्या हाताखाली शिकलेले यासुजी मोरी तिथले आधारस्तंभ झाले. पुढे जगप्रसिद्ध झालेले ॲनिमेशन दिग्दर्शक हायाओ मियाझाकी तिथे नोकरीला लागले तेव्हा त्यांना घडवणाऱ्या ज्येष्ठांत हेच मोरी होते.