मलप्रभा जाधवचं पदक ज्युदोचं की कुराशचं?

बेळगाव-वेंगुर्ला रस्त्यावरच्या तुरमुरी गावच्या मलप्रभा जाधवने २०१८ च्या जकार्ता आशियाई स्पर्धेत ५२ किलो गटात कांस्यपदक मिळवलं. तिला कोणी कुस्तीगीर म्हणतं, कोणी ज्युदोपटू. पदक कुराशचं, म्हणजे जाकीट घालून खेळायच्या उझबेकिस्तानच्या कुस्तीचं आहे, पण अंग घडलं ज्युदोच्या मॅटवर. हे असं का झालं, ते समजायला थोडं मागे जावं लागतं.

जिगोरो कानो यांनी १८८२ मध्ये तोक्योत ज्युदो सुरू केला. पुरुषांची पहिली जागतिक स्पर्धा १९५६ ची; महिलांची १९८० मध्ये, न्यूयॉर्कला. ऑलिम्पिकमध्ये पुरुष १९६४ ला उतरले, महिलांना पदकासाठी १९९२ च्या बार्सिलोनापर्यंत थांबावं लागलं. भारताच्या पूनम चोप्राने १९९४ च्या हिरोशिमा आशियाई स्पर्धेत कांस्य मिळवलं. पुढे मणिपूरच्या सुशीला देवीने २०१४ आणि २०२२ च्या राष्ट्रकुल स्पर्धांत ४८ किलोत रौप्य आणलं.

बेळगावकडे तालमी भरपूर, पण जुन्या तालमीची लाल माती मुलींसाठी नव्हती. मुलींना वाट मिळाली ती कर्नाटक सरकारच्या युवा सबलीकरण व क्रीडा खात्याच्या ज्युदो केंद्रातून. तिथे पहिले काही आठवडे फेकायला नव्हे, पडायला शिकवतात: हनुवटी छातीशी, पाठ गोल, आणि जमिनीला टेकताना अख्ख्या हाताची थाप. घाबरून हात ताठ टेकवला की कोपर किंवा गळपट्टीचं हाड जातं.

मग फेक. तिचे टप्पे तीन: तोल मोडणं, आत शिरणं, फेकणं. नवी मुलगी पहिला टप्पा गाळते. समोरचीचा तोल तिच्या टाचांवर असतानाच ही पाठ वळवते आणि मागून उलटी फेक खाते. कुस्ती बघत वाढलेल्यांना खांद्यावरची फेक पटकन उमगते, कारण ती धोबीपछाडच्या जवळची. अडचण हातांची. कुस्तीगीराचा हात आपोआप मांडीकडे जातो, ज्युदोत तो बाही आणि कॉलरवर राहायला हवा. २०१३ पासून पाय हाताने धरणं पूर्ण बंद आहे.

वजनाचं गणित वेगळंच. वजन आदल्या दिवशी होतं, आणि सकाळी काही जणींचं अचानक पुन्हा घेतात. तेव्हा मर्यादेपेक्षा ५ टक्क्यांहून जास्त भरून चालत नाही. म्हणजे ५२ किलोवालीला ५४.६. पाणी पिणं तोडून वजन उतरवलं आणि रात्री भरपेट जेवलं, तर इथेच फसगत होते.

आशियाई स्पर्धेत कुराश २०१८ ला पहिल्यांदा आली, आणि भारताने ज्युदोत तयार झालेल्या मुली तिथे उतरवल्या. फेकी बऱ्याचशा त्याच, पण जमिनीवरचा खेळ नाही: दाबून धरणं, हात पिळणं, गळा आवळणं, सगळं बंद. कोणी खाली गेलं की पंच दोघींना उभं करतो. ज्युदोत अर्धवट बसलेली फेकही वाया जात नाही. लगेच वर चढून २० सेकंद दाबून धरलं की लढत जिंकली. कुराशमध्ये तो आधार नसतो, फेक पहिल्याच झटक्यात बसावी लागते. ज्यांचा ज्युदो उभ्यानेच चांगला, त्यांना हा बदल सोपा गेला.

महिलांचे गटही तीनच होते: ५२, ६३ आणि ७८ किलो. ज्युदोत सात असतात. त्यामुळे एरवी ४८ मध्ये खेळणारीलाही ५२ मध्येच उतरणं भाग होतं.

त्या गटात पिंकी बल्हाराने रौप्य घेतलं, तीही ज्युदोतूनच आलेली. मलप्रभाला उपांत्य फेरीत हरवलं ते पुढे सुवर्ण जिंकणाऱ्या उझबेकिस्तानच्या गुलनोर सुलेमानोवाने. कुराशमध्ये उपांत्य फेरीत हरणाऱ्या दोघींनाही थेट कांस्य मिळतं. ज्युदोत मात्र त्याच पायरीवर हरलेलीला रेपेशाजमधून, म्हणजे आधी हरलेल्यांना पुन्हा संधी देणाऱ्या फेरीतून, वर आलेल्या मुलीशी आणखी एक लढत जिंकावी लागली असती.