पेटर लुस्टिग

पेटर लुस्टिग (27 ऑक्टोबर 1937 – 23 फेब्रुवारी 2016) हे जर्मन टीव्हीवरचे मुलांचे लाडके प्रेझेंटर. टक्कल, मिशी, गोल चष्मा आणि अंगात निळी डंगरी, हा त्यांचा अवतार जर्मनीतल्या किमान दोन पिढ्यांना पाठ आहे. पडद्यावर त्यांचं नाव पेटर लुस्टिगच असायचं, वेगळं पात्र वगैरे काही नाही.

जन्म ब्रेसलाऊचा, म्हणजे आजच्या पोलंडमधलं व्रोत्सवाफ. मूळचा माणूस टेक्निशियन, कॅमेऱ्यासमोर आला तो फार नंतर. 1963 साली अमेरिकेचे अध्यक्ष केनेडींनी बर्लिनमधे जे गाजलेलं भाषण केलं त्याचं रेकॉर्डिंग करणाऱ्यांत लुस्टिग होते, तेव्हा ते अमेरिकन सैन्याच्या रेडिओसाठी साउंडचं काम करायचे. ही पार्श्वभूमी महत्त्वाची आहे कारण पुढे शोमधे ते पाना-पक्कड घेऊन काही खोलायला बसले की हाताला सवय असलेला माणूस दिसायचा, पाठ केलेलं बोलणारा नट नाही, आणि मुलांना हा फरक बरोब्बर कळतो.

1979 मधे झेडडीएफ या जर्मन चॅनेलवर लुस्टिग यांचा मुलांसाठीचा शो 'पुस्टेब्लूमे' सुरू झाला, 1981 पासून त्याचं नाव 'ल्योव्हेनत्सान' (म्हणजे डँडेलायन, पिवळ्या फुलाचं रानरोप) झालं. त्याच्या टायटलमधे डांबरी रस्ता तडकतो आणि त्यातून डँडेलायनचं रोप वर येऊन फुलतं, एवढंच, पण एकदा बघितलं की विसरत नाही. लुस्टिग राहायचे एका निळ्या वॅगनमधे, रस्त्याच्या कामावरचे मजूर वापरतात तसली चाकांची खोली, आणि तिच्या छपरावर बसायची सोय. शेजारी पाशुल्के नावाचा नीटनेटका, कुरकुरा गृहस्थ (नट हेल्मुट क्राउस), त्याला यांचा पसारा अजिबात खपायचा नाही. वीज कुठून येते, कचऱ्याचं काय होतं असे घरातले साधे प्रश्न घ्यायचे आणि शेवटपर्यंत पिच्छा पुरवायचा, मधे कुठेही 'तू लहान आहेस, तुला नाही कळायचं' हा सूर नाही, माझ्या मते शोचं खरं मोठेपण यातच आहे.

एपिसोडच्या शेवटी ते मुलांना सरळ सांगायचे, आता टीव्ही बंद करा. टीव्हीवर पोट असलेल्या माणसाने दर वेळी हे सांगायचं, आणि मनापासून सांगायचं, याला खरंच दाद द्यायला पाहिजे.

1980 च्या दशकात फुप्फुसाचा कॅन्सर झाला, अर्धं फुप्फुस काढावं लागलं, तरी काम चालू ठेवलं. त्यांना मुलं आवडत नाहीत अशी बोंब मधे पेपरांनी उठवली होती, लुस्टिग यांचं म्हणणं होतं की शूटिंगच्या तासन् तास चालणाऱ्या कामात मुलांना राबवू नये, आणि ते पटण्यासारखंच आहे.

2005 पर्यंत त्यांनी हे काम केलं. 2006 पासून त्यांच्या जागी गिडो हामेस्फार आले, पण ते फ्रिट्झ फुक्स नावाचं पात्र करतात.