मोटर असलेली क्रेन आणि रिमोटवर चालणारी क्रेन: एक मोटर की सहा?

खेळण्यातल्या मोठ्या क्रेनविषयी जे परीक्षण वाचावे, त्यात एक गल्लत हमखास सापडते. खोक्यावर मोटरचा उल्लेख दिसला की ती क्रेन दूर बसून चालवता येणार, असे गृहीत धरले जाते. संच जोडून झाल्यावर तसे होत नाही असे लक्षात आले की दोष संचाला दिला जातो. मोटर असणे आणि दूरून नियंत्रण करता येणे या दोन अगदी वेगळ्या गोष्टी आहेत. हा फरक न समजता घेतलेली महागडी क्रेन कपाटावर धूळ खात पडलेली मी अनेक घरांत पाहिली आहे, आणि म्हणूनच हे सविस्तर लिहितो आहे.

उदाहरणासाठी लेगो टेक्निकचे, म्हणजे गिअर-दांड्यांचे सुटे तुकडे जोडून यंत्रे बनवण्याच्या लेगोच्या मालिकेतले, दोन संच घेऊ. पहिला २०१८ सालचा ४२०८२ क्रमांकाचा, म्हणजे खडबडीत जमिनीवर काम करणारी चाकांची क्रेन. त्यात ४०५७ तुकडे आणि एकच मोटर आहे. दुसरा २०२३ सालचा ४२१४६ क्रमांकाचा, म्हणजे लीबहेर कंपनीच्या एलआर १३००० या क्रेनची प्रतिकृती. त्यात २८८३ तुकडे आणि सहा मोटर आहेत. खरी एलआर १३००० जर्मनीतल्या एहिंगेन येथे तयार होते आणि तिची कमाल क्षमता ३००० टन आहे.

वरवरचे फरक झटपट सांगून टाकतो, कारण ते डोळ्यांना दिसतातच. पहिली चाकांवर उभी आहे, दुसरी पोकलेनसारखी चेनवर चालते. पहिलीचा बूम, म्हणजे क्रेनचा लांब हात, एकात एक सरकणाऱ्या नळ्यांसारखा लांबतो. दुसरीचा बूम जाळीदार आणि ठरावीक लांबीचा आहे. बूम उभारल्यावर दोन्ही सुमारे १ मीटर उंचीपर्यंत जातात. दोन्हींना ‘हायड्रा’ म्हणण्याची पद्धत मात्र सोडून द्यावी. हायड्रा म्हणजे आपल्याकडे बांधकामावर भार उचलून तो घेऊनच चालणारी छोटी, चाकांची क्रेन, आणि या दोघींपैकी एकही तशी नाही.

आता मूळ मुद्दा. ४२०८२ मध्ये एकच मोटर फिरते आणि तिची शक्ती गिअरबॉक्समधून वाटली जाते. वरचा भाग गोल फिरवणे, बूम उचलणे, बूम लांबवणे, भार अडकवायच्या आकड्याचा, म्हणजे हुकाचा, दोर गुंडाळणे आणि क्रेनला स्थिर ठेवणारे चार पाय बाहेर काढणे ही सगळी कामे ती एकटी मोटर करते, पण कोणते काम करायचे हे तुम्ही क्रेनवरच्या लिव्हरने ठरवता. आतली रचना समजून घेण्याजोगी आहे. काही गिअर दांड्यावर सैल बसवलेले असतात, त्यामुळे दांडा फिरत असतानाही ते त्याच्याबरोबर फिरत नाहीत. दोन सैल गिअरांच्या मधे एक सरकती कडी असते, जी दांड्याबरोबर कायम फिरते. लिव्हर ढकलली की ती कडी एका गिअरमध्ये अडकते आणि त्या गिअरला शक्ती मिळते. उलट बाजूला ओढली की दुसऱ्याला मिळते. मधे ठेवली की दोघेही स्वस्थ राहतात. उचलायचे की खाली सोडायचे, ही दिशा मात्र बॅटरीच्या डब्यावरचा खटका ठरवतो. म्हणजे ‘कोणते काम’ हा एक निर्णय आणि ‘कोणत्या दिशेने’ हा दुसरा, आणि दोन्ही निर्णय क्रेनला हात लावूनच घ्यावे लागतात.

४२१४६ मध्ये लिव्हरने शक्ती वाटण्याचा हा प्रकारच नाही. प्रत्येक मोटरला आपले काम नेमून दिलेले आहे आणि सगळ्या मोटर दोन हबना, म्हणजे सेल घालायच्या आणि ब्लूटूथने आज्ञा घेणाऱ्या डब्यांना, तारांनी जोडलेल्या आहेत. एका हबला चारच जोडण्या असतात, म्हणून सहा मोटरना दोन हब लागतात. प्रत्येक हबमध्ये ६ पेन्सिल सेल, म्हणजे एकूण १२. आज्ञा मोबाइलवरच्या ॲपमधून ब्लूटूथने जाते. येथे काम निवडणे आणि दिशा ठरवणे हे दोन्ही निर्णय क्रेनला स्पर्श न करता घेता येतात, आणि म्हणूनच ही खऱ्या अर्थाने रिमोटवर चालणारी क्रेन आहे.

यावर एक प्रश्न हमखास येतो: पहिल्या संचाला रिमोट जोडला तर? त्या मोटरच्या मालिकेत इन्फ्रारेड रिमोट आणि रिसीव्हर वेगळे मिळत असत, आणि ते बॅटरी व मोटर यांच्यामध्ये बसवता येतात. पण त्याने फक्त खटक्याचे काम दूरून होते. मोटर सुलटी फिरेल, उलटी फिरेल, थांबेल. लिव्हर मात्र जिथे होती तिथेच राहील. बूम उचलून झाल्यावर दोर सोडायचा असेल, तर उठून क्रेनपाशी जावेच लागेल. एवढे ध्यानात आले की सगळा गोंधळ मिटतो: रिमोट मोटरला आज्ञा देतो, गिअरबॉक्सला नाही.

या फरकाचा खरा परिणाम क्रेन चालवताना जाणवतो. पहिल्या क्रेनचा बूम लांबवू लागलात की दोर तेवढाच असल्यामुळे आकडा वर चढत जातो आणि शेवटी बूमच्या टोकाला जाऊन भिडतो. खऱ्या क्रेनवर ही धोक्याची स्थिती असते, म्हणून चालक बूम लांबवतानाच दोर सोडत जातो. एका मोटरच्या क्रेनवर तुम्हाला थोडा बूम लांबवायचा, लिव्हर बदलायची, थोडा दोर सोडायचा, पुन्हा लिव्हर बदलायची, असे टप्प्याटप्प्याने करावे लागते. सहा मोटरच्या क्रेनवर बूम खाली आणतानाच आकडा वर घेता येतो आणि भार जमिनीपासून जवळजवळ त्याच उंचीवर ठेवता येतो. हा तिचा मोठा गुण आहे आणि तो मी मोकळेपणाने मान्य करतो.

तुकड्यांच्या संख्येवरून मोठेपणा ठरवणाऱ्यांचा मला मनापासून कंटाळा आला आहे. ४०५७ हा आकडा २८८३ पेक्षा मोठा आहे म्हणून पहिली क्रेन मोठी किंवा अधिक ताकदवान ठरत नाही. गिअरबॉक्सला लहान लहान गिअर, दांडे, पिना आणि बुश, म्हणजे गिअर जागेवर धरणाऱ्या दांड्यावरच्या छोट्या कड्या, भरपूर लागतात, आणि मोटर कितीही मोठे काम करत असली तरी यादीत तो एकच तुकडा धरला जातो. तुकड्यामागे किती रुपये पडले, हा हिशेब म्हणूनच या दोन संचांत फारसे काही सांगत नाही.

जोडणी करताना पहिल्या संचाला अधिक सावधपणा लागतो. दांड्यावरचा बुश जरा अधिक दाबला गेला तर गिअर भिंतीला घासतो, आणि एकाच मोटरची शक्ती इतक्या गिअरांतून जाणार असल्यामुळे असे छोटे घर्षण साठत जाते. माझ्या जोडणीत बूम अर्ध्यावर थांबत होता. कारण शोधताना घट्ट बसलेला एकच बुश सापडला, पण त्याच्यापर्यंत पोहोचण्यासाठी वरचा सगळा भाग उतरवावा लागला. तेव्हापासून तुकड्यांची प्रत्येक पिशवी संपली की मी मुख्य दांडा हाताने फिरवून पाहतो आणि प्रत्येक लिव्हर दोन्ही बाजूंना ढकलून तपासतो. बूम उचलणारा लिनिअर ॲक्चुएटर, म्हणजे मोटर फिरली की सरळ रेषेत लांबणारा दांडा, टोकाला पोहोचल्यावर टकटक आवाज करतो. तो बिघाड नव्हे. आतला क्लच घसरून मोटरला वाचवत असतो. हा आवाज ऐकून संच परत करणारे लोक आहेत, म्हणून मुद्दाम लिहिले.

माझी पसंती स्पष्टपणे एका मोटरच्या क्रेनला आहे. ती जोडताना शक्ती एका दांड्यावरून अनेक वाटांनी कशी जाते हे हातांना कळते, आणि आठ दातांचा गिअर चोवीस दातांच्या गिअरला फिरवतो तेव्हा वेग तिपटीने कमी होऊन जोर का वाढतो, हे मुलाला वेगळे शिकवावे लागत नाही. शिवाय तिला मोबाइल लागत नाही. मोबाइलच्या ॲपवर पूर्णपणे विसंबलेले खेळणे ॲप चालू असेपर्यंतच पूर्ण चालते. बॅटरीचा डबा आणि खटका असलेली क्रेन वीस वर्षांनी माळ्यावरून काढली तरी नवे सेल घालून फिरेल, अशी माझी खात्री आहे.

मात्र ज्याला जोडणीपेक्षा चालवण्यात रस आहे, ज्याला भार उचलून खोलीच्या दुसऱ्या टोकाला न्यायचा आहे, त्याने सहा मोटरची क्रेनच घ्यावी, कारण पहिली क्रेन मोटरवर जागची हलतही नाही; तिची चाके हातानेच ढकलावी लागतात. आणि परीक्षण लिहिणाऱ्यांनी कृपा करून रिकामा आकडा वरखाली करून थांबू नये. बूम पूर्ण लांबवून किंवा पूर्ण खाली झुकवून, आकड्याला पाण्याची भरलेली छोटी बाटली अडकवून, मोटर थांबवल्यावर भार जागेवर राहतो की हळूहळू खाली सरकतो, एवढे तरी पाहावे आणि मगच लिहावे.