काळवीट घेताय? आधी हे वाचा (हरीण नाही, वीट)

नमस्कार मंडळी, रोज दुकानात तेच तेच सांगून घसा बसतो म्हणून शेवटी हे छापून घेतलं. पहिलं म्हणजे काळवीट ही भाजलेली मातीचीच वीट आहे, फक्त माती आमच्या डोहातली, त्या डोहात पडलेलं पान दुपारी पडलं तरी संध्याकाळपर्यंत तळाला जात नाही, तसली. तिने बांधलेल्या खोलीत वेळ बाहेरच्यापेक्षा हळू किंवा जोरात चालतो. मागे मात्र जात नाही, काल परत आणायची वीट आमच्याकडे नाहीये, कुणाकडेच नाहीये, कुणी विकत असेल तर पैसे देऊ नका.

माप आम्ही जुन्या हिशोबाने देतो. दिवसाच्या 60 घटका, एक घटका 24 मिनिटांची, तिची 60 पळं. विटेवर 30 छापलंय म्हणजे बाहेर एक घटका जाते तेव्हा आत 30 पळंच जातात, म्हणजे आत वेळ निम्म्याने चालतो. 240 छापलं असेल तर चौपट जोरात. लोक विचारतात हे काय जादूटोणा आहे का, तर नाही हो, डोंगरावरचं घड्याळ पायथ्यापेक्षा अगदी किंचित पुढे जातंच, जीपीएसच्या सॅटेलाइटवरचं तर दिवसाला साधारण 38 मायक्रोसेकंद पुढे जातं आणि ते सुधारूनच तुमच्या मोबाईलवर रस्ता दिसतो. आमची वीट तेच करते, जरा जास्तच करते एवढंच.

कशाला वापरायची? 30 नंबर कोठीघराला. दूध, दही, भाजी दुप्पट दिवस टिकते आणि लाइट बिल शून्य. 240 नंबर लोणच्याला, कैरीच्या फोडी महिनाभराचं मुरणं आठवड्यात मुरतात, आमच्याकडची निम्मी ऑर्डर लोणचंवाल्या बायकांचीच असते आणि त्यांची कधी तक्रार नाही, कारण त्या बरणी आत ठेवतात आणि स्वतः बाहेर बसतात. सगळी अक्कल याच्यात आली बघा.

कारण माणूस आत बसला की गडबड सुरू. एक वडील आले होते, मुलाला अभ्यासाला 240 ची खोली पायजे, वर्षाचा अभ्यास तीन महिन्यात होईल म्हणे. होईल की! पण तो मुलगा आत वर्षभर जगणारच ना, बाहेरच्या एका दिवसात तो चारदा झोपणार, आईने दिवसाला आठ ताटं करायची, आणि तीन महिन्यांनी बाहेर आला की त्याचे मित्र तेवढेच आणि हा वर्षाने मोठा, शर्ट आखूड झालेला. आम्ही विटा दिल्या नाहीत. ते चिडून गेले, जाऊ देत.

हळू खोलीचंही तेच. आमच्याच आत्याने हौसेने 30 चं देवघर बांधलं, समई एका तेलात दुप्पट वेळ जळते म्हणून खूष होती, पण आत पाव तास आरती झाली की बाहेर अर्धा तास गेलेला, प्रसादाला आलेली माणसं कंटाळून घरी. आणि आत बसून मोबाईलवर पैसे पाठवायला जाऊ नका, तुम्ही ओटीपी टाइप करेपर्यंत बाहेर तो संपलेला असतो. आतून बाहेरचं बोलणं चिरक्या आवाजात पटापट ऐकू येतं, ते नॉर्मल आहे, त्यासाठी फोन करू नये.

आता गवंड्याला दाखवायचा भाग. विटा लावायच्या आधी नेहमीसारख्या भिजवा. प्रत्येक विटेच्या एका बाजूला अंगठ्याचा ठसा आहे, तो खोलीच्या आत. एक जरी वीट उलटी लागली तरी तिथे वेळ दोन्हीकडून ओढला जातो आणि प्लास्टरला चीर जाते, ती कितीही भरा, परत येते. कोपऱ्यावर सांधे मोडायला (एकावर एक येऊ नयेत म्हणून) अद्धा, म्हणजे अर्धी वीट, लागतो, पण थापीने वीट तोडू नका, तुटलेल्या कडेतून वेळ झिरपतो, अद्धे आम्ही वेगळे भाजून देतो, मागून घ्या. खाली फरशीखाली आणि वर छतालाही थर पायजेच, नुसत्या चार भिंती बांधून "फरक पडत नाही" म्हणणारे बरेच येतात. दार उघडं ठेवलं तरी तेच.

240 च्या खोलीत मजूर काम करणार असतील तर हजेरी कुठल्या घड्याळाची ते आधीच ठरवा. बाहेर दोन तास झाले तेव्हा आत त्याचे आठ तास भरलेले असतात, तो पूर्ण दिवसाची मजुरी मागणार आणि आमच्या मते त्याचं बरोबर आहे. भांडण आमच्याकडे आणू नका.

आख्खं घर काळविटेचं बांधू नका, आम्हाला धंदा नकोय असं नाही, पण वीट साध्यापेक्षा अकरापट महाग आहे आणि एक कोठीघर पुरतं.

ऑर्डरनंतर माल मिळायला तीन आठवडे लागतात. "तुमचीच भट्टी 240 ची का बांधत नाही" हा प्रश्न सगळे विचारतात. बांधली होती. भट्टी चौपट वेगाने कोळसा मागायला लागली, बाहेरून झोकणारी दोन माणसं दुपारपर्यंत आडवी झाली आणि विटा निम्म्या कच्च्या निघाल्या. त्या कच्च्या विटा मागे रचून ठेवल्यात, बागेच्या कठड्याला कुणाला हव्या असतील तर फुकट घेऊन जा, फक्त तिथला मोगरा कधी फुलेल ते विचारू नका.