आग्वाद : मांडवीच्या मुखावरचा तोफखाना

1604 साली डच आरमार मांडवीच्या मुखासमोर येऊन उभे राहिले आणि पोर्तुगीजांना आपली उघडी बाजू कळली. राजधानी जुन्या गोव्याला, नदीतून बरीच आत. रेईश मागूशचा किल्ला 1551 पासून होता, पण तोही मुखाच्या आतल्या अंगाला. शत्रूला भर समुद्रातच थोपवायचे तर तोफा भूशिराच्या टोकावर हव्या होत्या. विजरई, म्हणजे पोर्तुगीज राजाचे प्रतिनिधी, रुय लोरेन्सो द ताव्होरा यांच्या कारकिर्दीत, 1612 मध्ये, मांडवीच्या उत्तरेच्या बार्देश प्रांताच्या टोकावर आग्वादचा किल्ला बांधून पूर्ण झाला. समोर दक्षिण तीरावर काबचा किल्ला. जहाज नदीत शिरायचे ते या दोघांच्या माऱ्यातूनच.

आग्वादची रचना दोन पातळ्यांची आहे. टेकडीवर जांभ्या दगडाचा तट आणि कोरडा खंदक. खाली, अगदी पाण्याला लागून, दुसरी तटबंदी. सिकेरीचा बुरूज तिचाच भाग. माझ्या मते हा खालचा भागच तोफखान्याचे मर्म. उंचावरून डागलेला गोळा तिरपा खाली येतो, जरा नेम चुकला की पाण्यात बुडतो. पाण्यालगतच्या तोफेचा गोळा मात्र लाटांच्या उंचीनेच जातो आणि जहाजाच्या कुशीत शिरतो. लाकडी गलबताला तो घाव सोसत नाही. किल्ल्यावर 79 तोफा होत्या असे सांगितले जाते.

तोफांइतकेच मोलाचे होते पाणी. टेकडीला गोड्या पाण्याचा झरा होता. वरच्या किल्ल्याच्या पोटात खांबांवर तोललेली टाकी आहे. तिची क्षमता सुमारे 23 लाख 76 हजार गॅलन. महिनोन्‌महिने समुद्रात काढलेली जहाजे इथे पिंपे भरून घेत.

पुढे डचांनी गोव्याच्या वारंवार नाकेबंद्या केल्या, पण आग्वाद पडला नाही. 1739 मध्ये सावंतवाडीच्या भोसल्यांनी बार्देश घेतला, तेव्हाही आग्वाद आणि रेईश मागूश पोर्तुगीजांकडेच राहिले. समुद्राची वाट मोकळी असताना जमिनीवरून वेढा घालून असा किल्ला उपाशी मारता येत नाही. मला याचे कारण हेच दिसते. 1799 ते 1813 या काळात फ्रेंचांच्या धास्तीने गोव्यात इंग्रजी फौज होती, तिचाही तळ इथे पडला. 1864 मध्ये दीपगृह उभे राहिले.

मग किल्ल्याचा तुरुंग झाला. 1946 मध्ये गोवा मुक्तिलढ्याचे नेते त्रिस्तांव ब्रागांझा कुन्हा यांना इथेच डांबले. 1955 च्या गोवा मुक्ती सत्याग्रहात शिक्षा झालेले नानासाहेब गोरे, मधु लिमये हेही इथेच होते. पुण्या-मुंबईच्या घराघरांत आग्वाद हे नाव पोहोचले ते या कोठड्यांमुळे. 2015 मध्ये कैदी कोलवाळच्या तुरुंगात हलवले आणि 2021 च्या डिसेंबरात तुरुंगाचे संग्रहालय झाले. कुन्हांना मात्र इथून पोर्तुगालच्या पेनिशला नेले होते. तोही समुद्रकाठचा किल्ला, तुरुंग केलेला. सुटून ते मुंबईला आले आणि 1958 मध्ये, गोवा मुक्त होण्याच्या तीन वर्षे आधी, तिथेच वारले.